हप्ता तोच, मुदत अठ्ठेचाळीस वर्षं : बडोद्यातल्या एका गृहकर्जाचा हिशेब

बडोद्याच्या गोत्री भागातला दोन बेडरूमचा तयार फ्लॅट, किंमत ४३ लाख. घेणारं जोडपं मराठी, पिढ्यान्‌पिढ्या बडोद्यातलं. नवरा मकरपुरा जीआयडीसीतल्या एका कारखान्यात गुणवत्ता विभागात, तेव्हा वय ३८. बायको शाळेत शिक्षिका. नवऱ्याचे वडील दांडिया बाजारातल्या जुन्या घरातच राहिले, त्यांना लिफ्टचं घर नको होतं. त्यांची माझी ओळख बँकेतल्या नोकरीपासूनची, त्यामुळे कर्जाचे कागद फिरत फिरत माझ्याकडे आले. नावं देत नाही, आणि घर ओळखू येईल असे तपशील बदलले आहेत. आकडेमोड मात्र कुणालाही कॅलक्युलेटरवर ताडून पाहता येईल.

सप्टेंबर २०२१ मध्ये एका बँकेकडून ३५ लाखांचं कर्ज मंजूर झालं. दर ६.७५ टक्के, मुदत २० वर्षं, हप्ता २६,६१३ रुपये. तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने कर्ज देते तो दर, ४ टक्के होता आणि या बँकेने त्यावर पावणेतीन टक्क्यांचा स्प्रेड लावला होता. मंजुरीच्या पत्रात हे दोन्ही आकडे होते. घरातल्यांनी त्यांची बेरीज तेवढी पाहिली आणि सध्या दर किती कमी आहेत म्हणून पेढे वाटले. पेढे वाटण्यात काही चूक नव्हती. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराशी बांधलेली असतात. म्हणजे रेपो उतरला तसा तो चढेल, आणि चढेल तेव्हा बँकेला आपल्याला विचारायची गरज नसेल. हे वाक्य कराराच्या कागदात कुठेतरी होतंच.

आधी दारातला खर्च. घर ४३ लाखांचं आणि कर्ज ३५ लाखांचं, म्हणजे पदरचे ८ लाख, असं बाबांनी धरलं होतं. प्रत्यक्षात घरासाठी ३४ लाखच मिळाले. ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच मर्यादा असते, आणि ४३ लाखांचे ८० टक्के होतात ३४ लाख ४० हजार. उरलेला १ लाख हा कर्जाबरोबर दिलेल्या विम्याचा एकरकमी प्रीमियम होता, तो कर्जातच घातलेला. “तुम्हाला खिशातून काही द्यावं लागत नाही,” असं सांगण्यात आलं. पण तो लाख २० वर्षांच्या हप्त्यांत विरघळला की १ लाख ८२ हजार होतो. असा विमा कर्जासाठी कायद्याने बंधनकारक नाही. मागे माणसं असतील तर आयुर्विमा हवाच, पण तो वेगळा, दरवर्षी प्रीमियम भरायचा साधा टर्म विमा घ्यावा, असं माझं ठाम मत आहे. कर्ज दुसरीकडे नेलं तरी तो आपल्याबरोबर येतो.

पुढे गुजरातची स्टॅम्प ड्युटी ४.९ टक्के, म्हणजे २,१०,७००, आणि नोंदणी शुल्क १ टक्का, म्हणजे ४३,०००. घर फक्त बाईच्या नावावर असेल तर गुजरातेत नोंदणी शुल्क माफ होतं. हे सुनेला माहीत होतं. पण नवऱ्याला व्याजावरची करसवलत घ्यायची होती आणि त्यासाठी त्याचं नाव मालक म्हणून दस्तऐवजात हवं होतं, म्हणून दोघांची नावं घातली आणि ४३ हजार भरले. प्रोसेसिंग फी, वकील आणि मूल्यांकन मिळून २१ हजार. या रकमा घराच्या किमतीवर मोजल्या जाणाऱ्या कर्जात बसत नाहीत, पूर्ण पदरच्याच. बी.यू. परवानगी (इमारत वापरायची परवानगी) मिळालेला तयार फ्लॅट असल्यामुळे जीएसटी लागला नाही, एवढीच सूट. थोडक्यात, ८ लाखांऐवजी पावणेबारा लाख उभे करावे लागले, आणि त्यासाठी आईच्या नावची एक मुदतठेव मोडली. त्या ठेवीचं बुडालेलं व्याज या कर्जाच्या खर्चात कुणी धरलं नाही. कुणीच धरत नाही.

आता मूळ योजना पाहू. २६,६१३ गुणिले २४० म्हणजे ६३ लाख ८७ हजार, त्यातलं व्याज २८ लाख ८७ हजार. पहिल्या हप्त्यातले १९,६८८ व्याजात गेले आणि मुद्दलात ६,९२५ जमा झाले. सगळं ठरल्याप्रमाणे चाललं असतं तरी निम्मं मुद्दल फिटायला १५८ हप्ते, म्हणजे १३ वर्षं लागली असती. हेच कर्ज १५ वर्षांत फेडायचं ठरवलं असतं तर हप्ता ३०,९७२ आला असता, म्हणजे महिन्याला ४,३५९ जास्त, आणि व्याज ८ लाख १२ हजारांनी कमी. दोघांचे पगार पाहता तो झेपलाही असता. “मोठी मुदत घ्या, मग हवं तर लवकर फेडा,” हा सल्ला त्यांना सगळ्यांनी दिला. सल्ला चुकीचा नाही. पण ‘मग’ हा शब्द ज्यांच्याकडे आपोआप अमलात येतो अशी घरं मी फार पाहिली नाहीत.

खरं प्रकरण सुरू झालं मे २०२२ मध्ये. रिझर्व्ह बँकेने ४ मे रोजी रेपो ४.४० केला, जूनमध्ये ४.९०, ऑगस्टमध्ये ५.४०, सप्टेंबरच्या शेवटच्या दिवशी ५.९०, डिसेंबरमध्ये ६.२५ आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५०. नऊ महिन्यांत अडीच टक्के. त्यांच्या खात्यावरचा व्याजदर प्रत्येक तिमाहीच्या पहिल्या तारखेला बदलायचा. जुलै २०२२ ला ७.६५ झाला, ऑक्टोबरला ८.६५, जानेवारीला ९ आणि एप्रिल २०२३ ला ९.२५. हप्ता मात्र एका पैशानेही वाढला नाही. बँकेने मुदत वाढवली.

जून २०२२ अखेर ९ हप्ते भरून झाले होते आणि २३१ उरले होते. जुलैच्या बदलानंतर उरलेले हप्ते झाले २७३. ऑक्टोबरनंतर ३६४. जानेवारीनंतर ४४०. एप्रिल २०२३ मध्ये ५८३. म्हणजे अठ्ठेचाळीस वर्षांहून जास्त! चाळिशीच्या माणसाचं कर्ज त्याच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी फिटायचं होतं. बऱ्याच बँका वयाची मर्यादा आली की मुदत वाढवणं थांबवतात आणि हप्ता चढवतात. इथे तसं झालं नाही, संगणकाने मुदत ताणत नेली आणि दर वेळी एक एसएमएस पाठवला. त्या एसएमएसात नवा दर होता, हप्त्यांची संख्या नव्हती.

असं का झालं ते एका गुणाकारात दिसतं. एप्रिल २०२३ ला थकबाकी ३४ लाख १३ हजार. तिला ९.२५ टक्क्यांनी गुणून १२ ने भागलं की महिन्याचं व्याज येतं २६,३१०. हप्ता २६,६१३. मुद्दलात जमा ३०३ रुपये. पुढे आणखी पाव टक्का जरी वाढला असता तरी हप्ता व्याजालाही पुरला नसता आणि कर्ज उलटं फुगायला लागलं असतं. दर पावणेसातावरून सव्वानऊवर गेला म्हणजे साधारण सदतीस टक्के महाग, असं आपल्या डोक्यात बसतं. पण सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला तीन चतुर्थांश भाग व्याजाचाच असतो. व्याज वाढलं की ते उरलेला मुद्दलाचा चतकोर खातं, आणि कर्ज फेडणारा भाग तेवढाच असतो.

हे सुनेच्या लक्षात आलं, नवऱ्याच्या नाही. शाळेत आयकराच्या कागदांसाठी मार्च २०२३ मध्ये व्याजाचा दाखला मागवला. वर्षभरात ३ लाख १९ हजार भरले होते, त्यात व्याज २ लाख ७४ हजार, मुद्दल ४५ हजार. तिने आदल्या वर्षीच्या सहा महिन्यांशी तुलना केली आणि शाखेत गेली. समोरच्या अधिकाऱ्याने अगदी आपुलकीने विचारलं, “हप्तो तो एनो ए ज छे ने, बेन? तो चिंता शेनी?” त्या माणसाला दोष द्यावासा मला वाटत नाही. हप्ता न वाढणं ही ग्राहकाची सोय आहे, असंच त्याला शिकवलेलं होतं. तिने थकबाकीचा उतारा मागितला, तो मिळाला, आणि उरलेल्या हप्त्यांच्या रकान्यातला तीन आकडी आकडा पाहून तिला आधी छपाईची चूक वाटली.

तरीही डिसेंबर २०२३ पर्यंत काही हाललं नाही. नवरा म्हणायचा, दर आज ना उद्या उतरतील. बाबा म्हणायचे, आमच्या वेळी याहून जास्त दराने कर्जं घेतली आणि फेडली. दोघांचंही म्हणणं खोटं नव्हतं, म्हणूनच नऊ महिने गेले. तोवर २७ हप्ते झाले होते. भरलेली रक्कम ७ लाख १८ हजार, त्यात व्याज ६ लाख २९ हजार. ३५ लाखांच्या कर्जातले फिटले होते ८९,६५२.

त्याच सुमारास रिझर्व्ह बँकेच्या एका आदेशाने दार उघडलं. १८ ऑगस्ट २०२३ च्या या आदेशानुसार दर बदलला की कर्जदाराला विचारायचं : हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं? स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय आणि मधेच कितीही रक्कम भरण्याची मुभाही द्यायची. दर तिमाहीला उतारा द्यायचा, त्यात आतापर्यंत फिटलेलं मुद्दल, भरलेलं व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असायला हवा. जुन्या कर्जांनाही हे ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत लागू करायचं होतं. त्याप्रमाणे बँकेचं पत्र आलं. चार पानी, इंग्रजीत, आणि शेवटच्या पानावर खूण करायचे चौकोन. उत्तर दिलं नाही तर मुदत आहे तशीच राहणार होती.

ते पत्र घेऊन तिघं माझ्याकडे आले. “काका, यातलं कुठलं स्वस्त?” नवऱ्याचा पहिला प्रश्न.

“तू आधी सांग, महिन्याला किती जास्त झेपेल?”

“पाच-सहा हजार. ओढून-ताणून.”

“ओढून-ताणून काय?” सून म्हणाली. “कारचा हप्ता ऑक्टोबरातच संपला. ते साडेसात हजार कुठे जातात ते मी दाखवते.”

नवऱ्याने छताकडे पाहिलं, बाबांनी चहाकडे. तो प्रश्न तिथेच मिटला.

मग हिशेब मांडला. काहीच केलं नाही आणि दर ९.२५ वरच राहिला तर आणखी ५७४ हप्ते, म्हणजे दीड कोटीच्या वर. मूळ मुदतीतच, उरलेल्या २१३ हप्त्यांत फेडायचं तर हप्ता ३२,६५० आणि एकूण ६९ लाख ५४ हजार. महिन्याला ६,०३७ जास्त, आणि फरक ८० लाखांहून मोठा. इतका मोठा फरक पाहून माणसाला तो खोटा वाटतो, म्हणून सुनेने तो स्वतःच्या मोबाइलवर पुन्हा काढला. खरं तर तो थोडा फसवा आहेच, कारण दर पन्नास वर्षं एका जागी राहत नाहीत. पण दिशा दाखवायला पुरेसा.

त्यांच्याकडे २ लाखांची एक मुदतठेव जानेवारीत पुरी होत होती. बाबांचं मत, ती पुन्हा ठेवावी, अडीअडचणीला उपयोगी. व्यक्तीच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर वेळेआधी फेडीचा दंड लावता येत नाही, त्यामुळे ती कर्जात भरायला अडथळा नव्हता. हप्ता ३२,६५० ठेवून ते २ लाख भरले तर हप्ते २१३ वरून १८५ वर येत होते, आणि तोच दर राहिला तर सव्वासात लाखांचं व्याज वाचत होतं. एक पथ्य मात्र हवं. वाचलेले सव्वासात लाख हे पंधरा वर्षांत मिळून वाचतात, ते आजच्या २ लाखांशेजारी मांडून डोळे दिपवून घेऊ नयेत. नीट तुलना दरांची करायची. ठेवीवर ७ टक्के मिळाले आणि २० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये कर गेला, तर हातात साडेपाच टक्क्यांच्या आसपास. कर्ज सव्वानऊ टक्क्यांनी चाललंय. सहा महिन्यांच्या घरखर्चाएवढी रक्कम वेगळी आहे की नाही एवढं मी विचारलं. बाबांच्या नावावर होती. मग २ लाख भरायचं ठरलं.

करसवलतीचा मुद्दा नवऱ्याने काढला, आणि तो बहुतेक घरांत निघतो : कर्ज लवकर फेडलं तर सवलत जाईल. २०२३-२४ मध्ये त्यांनी भरलेलं व्याज ३ लाख ११ हजार. जुन्या करपद्धतीत, स्वतः राहत्या घरावर, एका मालकाला २ लाखांपर्यंतच वजावट. २० टक्के स्लॅब आणि उपकर धरून वाचतात ४१,६०० रुपये. दोघं मालक आणि दोघं हप्ता भरणारे असतील तर दोघांनाही आपापल्या वाट्याची वजावट मिळते, हेही खरं. पण रुपया व्याज भरून वीस-एकवीस पैसे परत मिळवणं ही बचत नाही. शिवाय नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावटच नाही, आणि २०२३-२४ पासून आपण वेगळं सांगितलं नाही तर तीच लागू होते. नवऱ्याला तपासल्यावर नवी पद्धतच फायद्याची निघाली. ज्या सवलतीसाठी नाव घालून ४३ हजारांची माफी सोडली होती, ती दोनच वर्षांत निरुपयोगी झाली. हे २०२१ मध्ये कुणाला कळणार होतं?

दुसऱ्या बाजूनेही बोलायला हवं, कारण लांब मुदतीच्या कर्जाला सरसकट शिव्या देणाऱ्यांतला मी नाही. महागाई ५ टक्क्यांनी चालली तर आजचे २६,६१३ वीस वर्षांनी दहा हजारांच्या योग्यतेचे उरतात, आणि पगार तर वाढतो. स्थिर हप्त्याला महागाई खाते, हा कर्जदाराचा खरा फायदा. फक्त हप्त्यांची संख्या स्थिर हवी. ती २४० ची ६०१ होणार असेल, तर महागाईने जे दिलं ते मुदतीने काढून घेतलं.

कर्ज दुसऱ्या बँकेत हलवण्याचाही विचार झाला. अर्धा टक्का कमी मिळाला असता तर त्याच हप्त्यात आणखी ११ हप्ते, साडेतीन लाखांहून जास्त वाचले असते. स्प्रेड सुरुवातीला ठरतो आणि जुना ग्राहक तोच भरत बसतो. त्याच शाखेत त्याच दिवशी नव्या ग्राहकाला कमी स्प्रेड मिळत असतो. पण नवऱ्याच्या एका विसरलेल्या क्रेडिट कार्डाच्या थकलेल्या साडेतीन हजारांनी सिबिल स्कोअर, म्हणजे कर्जफेडीच्या नोंदीवरून मिळणारा पतगुण, खाली आला होता. तो रस्ता तूर्त बंद झाला.

जानेवारी २०२४ पासून हप्ता ३२,६५०. पहिलं वर्ष कंटाळवाणं गेलं, सांगण्यासारखं काही नाही. मग २०२५ मध्ये रेपो उतरायला लागला : फेब्रुवारीत ६.२५, एप्रिलमध्ये ६, जूनमध्ये ५.५०, डिसेंबरमध्ये ५.२५. त्यांचा दर एप्रिलला ९ झाला, जुलैला ८.२५ आणि जानेवारी २०२६ ला ८. या वेळी बँकेने न विसरता विचारलं की हप्ता कमी करून हवा का. मूळ मुदत ठेवून तो २७,८३० वर आला असता. नवऱ्याचा हात चौकोनाकडे गेला होता, असं सुनेनेच मला सांगितलं. महिन्याला पावणेपाच हजार सुटतात हे दिसत होतं, पण सहा लाखांहून जास्त व्याज वाढतं हे पत्रात लिहिलेलं नव्हतं. हप्ता तसाच ठेवला.

डिसेंबर २०२५ अखेरचा उतारा असा : ५१ हप्ते, थकबाकी २९ लाख ८५ हजार. दर ८ टक्केच राहिला तर आणखी १४२ हप्ते, शेवटचा ऑक्टोबर २०३७ मध्ये, म्हणजे मूळ तारखेच्या जवळजवळ चार वर्षं आधी. सुरुवातीपासूनचं सगळं धरून बँकेला जाणारी रक्कम ६३ लाख २४ हजार. पहिल्या दिवशीच्या तक्त्यात होती ६३ लाख ८७ हजार. मधला सगळा फेरा होऊनही ते तिथेच आले, वाढीव हप्ता आणि ते २ लाख यांच्या जोरावर.

२०२३ चं ते पत्र कोरंच परत गेलं असतं तर? हाही हिशेब केला, दर प्रत्यक्षात उतरले तसे उतरवून. ५१ हप्त्यांत १३ लाख ५७ हजार भरून थकबाकी ३३ लाख ८२ हजारांवर असती. आजच्या ८ टक्क्यांनीही शेवटचा हप्ता जुलै २०४९ मध्ये, नवरा तेव्हा ६६ वर्षांचा. एकूण ८८ लाख ८३ हजार. “दर उतरतील” हे त्याचं भाकीत खरं ठरूनही साडेपंचवीस लाखांचा फरक राहिला असता.

सिबिल आता सुधारला आहे. गेल्या आठवड्यात दोघांनी त्याच बँकेकडे स्प्रेड पावणेतीनवरून सव्वादोन करण्याचा अर्ज दिला. फी जीएसटीसह पंधरा हजारांच्या आत सांगितली आहे, आणि अर्धा टक्का खरंच कमी झाला तर साडेपाच हप्ते, म्हणजे १ लाख ८० हजारांच्या आसपास वाचतात. शाखेतून “वरून मंजुरी येऊ द्या” असं उत्तर आलंय. सुनेने दरम्यान दुसऱ्या बँकेचं मंजुरीपत्रही मागवून ठेवलं आहे, आणि त्यात विम्याचा रकाना स्वतःच्या हाताने खोडला आहे.